फर्सोना, हँडलर, स्क्रिच, यिफ: फरी लोकांच्या बोलीतले शब्द

अंगतपंगत (धागाकर्ती)

गेल्या जुलैत अमेरिकेत पिट्सबर्गच्या डेव्हिड एल. लॉरेन्स कन्व्हेन्शन सेंटरमध्ये, अँथ्रोकॉन या फरी लोकांच्या संमेलनात, मी तीन दिवस एका शेकरूचा कोपर धरून फिरले. शेकरूच्या आत माझी लेक होती. वय वर्षं २१, विद्यापीठात तिसरं वर्ष. दोन वर्षांपूर्वी तिने मला सांगितलं की ती फरी आहे, आणि तेव्हापासून आमच्या घरात मला न कळणारे शब्द यायला लागले. मी ते वहीत लिहून ठेवत गेले. त्या वहीवरून हा धागा काढते आहे. मराठीत या विषयावर शोधलं तर टिंगलच जास्त सापडते, आणि माझ्यासारख्या आईला तिचा काही उपयोग नाही.

आधी फरी कोण ते सांगते. माणसासारखे बोलणारे-वागणारे प्राणी ज्यांना मनापासून आवडतात, ती ही मंडळी. कुणी चित्रं काढतं, कुणी गोष्टी लिहितं, कुणी नुसतं वाचतं, कुणी पोशाख घालतं. पूर्ण पोशाख असणारे त्यांत थोडेच, कारण चांगल्या पोशाखाला काही हजार डॉलर पडतात. (आपल्या फरी-गदग्यातल्या ढालीशी या फरीचा संबंध नाही. हा शब्द इंग्रजीतल्या 'फर'वरून, म्हणजे प्राण्याच्या अंगावरच्या दाट केसांवरून.)

वहीतला पहिला शब्द फर्सोना. फर आणि पर्सोना यांचा सांधा, म्हणजे फरीने स्वतःसाठी घडवलेलं आपलं प्राणीरूप. बोलताना नुसतं 'सोना' म्हणतात. मला वाटलं होतं, नाटकातल्या भूमिकेसारखं काही असेल. लेक म्हणाली, "आई, भूमिका संपते. सोना माझीच असते, मी परीक्षेला बसलेले असतानाही." तिची सोना शेकरू आहे, कारण सातव्या वर्षी भीमाशंकरला तिने झाडावरून झाडावर झेपावणारं शेकरू पाहिलं आणि परत येताना गाडीत दुसरं काही बोललीच नाही. अमेरिकन मित्रमैत्रिणींना ती दर वेळी समजावून सांगते की ही त्यांच्याकडची लाल खार नाही, ही महाराष्ट्राची शेकरू.

मग फर्सूट, म्हणजे तो पोशाख. डोकं, पंजे आणि शेपूट एवढंच असेल आणि खाली आपले रोजचे कपडे, तर पार्शल. नखशिखान्त असेल तर फुलसूट. पार्शल घातल्यावर मनगटाशी किंवा मानेशी माणसाची कातडी उघडी दिसली तर त्याला पूडलिंग म्हणतात, अंगावर मध्येच भादरलेल्या पूडल कुत्र्यावरून. काहींना ते चालतं, काहींना अजिबात चालत नाही. पाय दोन तऱ्हांचे: माणसासारखे सरळ ते प्लँटिग्रेड, आणि मांडीला-पोटरीला फोम भरून कुत्र्याच्या मागच्या पायासारखा बाक दिलेले ते डिजिटिग्रेड. कुत्र्याचा गुडघा उलटा वाकतो असं आपण समजतो, पण तो गुडघा नसतोच, ती त्याची टाच असते. हे मला वयाच्या ५२ व्या वर्षी लेकीच्या शिलाईच्या टेबलापाशी कळलं.

आता माझा स्वतःचा शब्द, हँडलर. सूटमधल्या माणसाला नीट दिसत नाही. डोळ्यांच्या जागी जाळी असते, तिच्यातून समोरचं तेवढं दिसतं. पायाखालचं आणि बाजूचं काही नाही. ऐकूही कमी येतं. आत उकाडा इतका की वीस-पंचवीस मिनिटांत माणूस निथळतो. म्हणून सोबत एक बिनपोशाखाचं माणूस लागतं. जिना आला की सांगायचं, मागून कुणी शेपूट ओढत असेल तर थांबवायचं, नळीची बाटली तोंडाशी धरायची. माझी लेक सूटमध्ये असताना एक शब्दही बोलत नाही. पुष्कळ जण बोलत नाहीत. आवाज आला की प्राणी नाहीसा होतो आणि माणूस उरतो. म्हणून आम्ही खुणा ठरवल्या. कोपरावर एकदा दाबलं तर पायरी, दोनदा दाबलं तर मागे लहान मूल आहे. तिने छातीवर पंजा ठेवला तर आता बाहेर काढ.

हँडलरला मराठीत काय म्हणावं, याचा मी खूप विचार केला. मदतनीस हा ऑफिसातला शब्द वाटतो. शेवटी मला सुचलं पाठराखीण. नव्या नवरीबरोबर सासरी जाणारी, तिला काय हवं-नको ते न बोलता ओळखणारी. काम अगदी तेच आहे.

हेडलेस लाउंज ही कॉनमधली (संमेलनाला कॉनच म्हणतात) मला सर्वांत आवडलेली जागा. पडदा लावलेली खोली, आत मोठाले पंखे, पाण्याचे पिंप, डोकी वाळत ठेवायला घडवंच्या. इथे डोकं काढता येतं. सूटवाले आणि त्यांचे हँडलर सोडून कुणालाही आत सोडत नाहीत, फोटो काढायला सक्त मनाई. घामाने चिंब झालेली पोरं-पोरी शेजारी शेजारी पंख्यासमोर बसलेली असतात. एक जण डोक्याच्या आतून पाणी घातलेला व्होडका फवारत होता. मी दचकले, तर लेकीने सांगितलं की दारूने कुबट वास मरतो आणि ती लवकर उडून जाते.

सहा-दोन-एक: कॉनच्या प्रत्येक दिवशी किमान सहा तास झोप, दोन वेळचं जेवण, एक आंघोळ. हा नियम इतर संमेलनांतही आहे, पण इथे मोठे लहानांना तो आठवणीने विचारतात. तरीही घरी आल्यावर सर्दी-ताप येतोच, तो कॉन-क्रड. आणि ताप उतरल्यावर जी उदासी येते तिलाही त्यांनी नाव दिलं आहे, पोस्ट-कॉन डिप्रेशन. माझी लेक चार दिवस जेवणाच्या टेबलावर गप्प बसून होती. तेव्हा तिला काय झालंय हे सांगायला एक शब्द हाताशी होता, याचं मला बरं वाटलं.

तुम्हाला माहीत असलेले शब्द लिहा, मराठीत काय म्हणता येईल तेही लिहा. यिफ या शब्दाबद्दल कुणीतरी विचारणारच आहे. जाणत्यांनी सांगावं. मात्र सगळा धागा त्या एका शब्दावर अडकू देऊ नका, ही विनंती.

मीरा_ठाणे

वाचतेय. ताई, तुम्ही किती आपुलकीने लिहिलंय. पाठराखीण वाचून डोळ्यांत पाणी आलं.

एक विचारते, रागावू नका. आमच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर आलं होतं की अमेरिकेत फरी मुलांसाठी शाळेच्या बाथरूममध्ये मांजरांची वाळूची पेटी ठेवतात. खरं आहे का? आणि रीलवर मुखवटा लावून चार पायांवर पळणारी मुलं दिसतात, ती फरीच ना?

अंगतपंगत

मीरा, रागावण्यासारखं काही नाही, बरं झालं विचारलंस. पेटीची गोष्ट साफ खोटी आहे. २०२२ च्या सुमारास ती इथे अमेरिकेत गावोगाव पसरली, राजकारण्यांनीही बोलून दाखवली, आणि ज्या ज्या शाळांची नावं घेतली गेली त्यांना असलं काही नाही असं जाहीर सांगावं लागलं.

रीलवरची मुलं बहुतेक वेळा थेरियन असतात. आपण आतून, मनाने प्राणी आहोत असं ज्यांना वाटतं ते थेरियन. चार पायांवर पळण्या-उड्या मारण्याला क्वाड्रोबिक्स म्हणतात, आणि तो पुष्कळांसाठी निव्वळ व्यायाम असतो. फरी ही आवड आहे, थेरियन ही स्वतःबद्दलची जाणीव आहे. काही जण दोन्ही असतात. माझी लेक शेकरूवर प्रेम करते, पण आपण माणूस आहोत याबद्दल तिला शंका नाही.

जुनी_वाट

हा धागा मराठीत वाचायला मिळेल असं मला कधी वाटलं नव्हतं. मी १९९६ साली शिकायला कॅलिफोर्नियात आलो आणि त्याच हिवाळ्यात फरी झालो. त्यामुळे यिफबद्दल मीच सांगतो.

तेव्हा आम्ही फरीमकवर भेटायचो. १९९० साली सुरू झालेलं, नुसत्या अक्षरांचं जग. चित्र नाही, आवाज नाही. "कोल्हा कान टवकारतो" असं टाइप करायचं आणि पलीकडच्याने ते मनात उभं करायचं. आवाजच नव्हता, म्हणून आवाजांचे शब्द घडवावे लागले. लांडग्यांचं अवू, समाधानाने गुरगुरणारं मर्र, आणि कोल्ह्याच्या तुटक भुंकण्यावरून यिफ. सुरुवातीला कोल्ह्याचं पात्र खेळवणारे आनंद झाला, ओळखीचं कुणी दिसलं की यिफ म्हणायचे. पुढे त्यात लाडीगोडी आली, आणि मग थेट शृंगाराचा अर्थ आला. नव्वदचं दशक संपेपर्यंत तोच अर्थ उरला. पहिला अर्थ आज सांगितला तरी तरुण पोरांना खरा वाटत नाही.

नंतर तो बाहेरच्यांच्या हातात पडला. १९९८ साली फरींमधल्याच काही जणांनी बर्न्ड फर्स नावाने गट काढून या शृंगारिक बाजूविरुद्ध आघाडी उघडली, आपापसांत मोठी भांडणं झाली. २००३ साली अमेरिकेतल्या एका लोकप्रिय गुन्हेमालिकेने फरींवर भाग केला आणि लाखो लोकांच्या डोक्यात तेवढंच चित्र बसलं. त्यानंतर इंटरनेटवर आम्हाला शिवी द्यायची तर हाच शब्द वापरायचे. आम्ही घडवलेला शब्द आमच्यावरच फेकला जात होता. मी तो तेव्हापासून उच्चारलेला नाही.

मीराताईंसारख्यांना वापराचा नियम सांगतो. प्रौढ, जवळच्या मित्रांत कुणी म्हणालं तर म्हणालं. अनोळखी फरीला उद्देशून म्हणू नये, आणि अल्पवयीन मुलं असतील तिथे मुळीच नाही. एखादा फरी आहे म्हणजे त्याला यात रस आहे, असंही धरू नका.

आता माझा आवडता शब्द. ग्रेमझल. म्हातारं होत चाललेल्या कुत्र्याच्या तोंडाभोवतीचे केस पांढरे होतात, त्यावरून जुन्याजाणत्या फरीला ग्रेमझल म्हणतात. बहुसंख्य फरी विशी-पंचविशीच्या आत-बाहेरचे, त्यामुळे तिशी ओलांडली की हा मान मिळायला लागतो. मी पन्नाशी पार केली आहे. सॅन होजेच्या फर्दर कन्फ्यूजन या संमेलनाला (१९९९ पासून भरतं) गेलो की पोरं खुर्ची आणून देतात आणि विचारतात, "पूर्वी कसं होतं हो?" मी त्यांना सांगतो की १९८९ च्या जानेवारीत कॉस्टा मेसाला कॉनफ्युरन्स शून्य हे पहिलं फरी संमेलन भरलं तेव्हा ६५ माणसं होती. पिट्सबर्गच्या अँथ्रोकॉनला २०२४ साली १७ हजारांच्या वर लोक आले. त्या ६५ माणसांच्या काळात सगळे सगळ्यांना ओळखत, तेव्हा शब्दांना अर्थ लावून द्यावा लागत नसे.

ग्रेमझलला मराठीत 'पिकल्या मिशांचा' म्हणावं असं मी सुचवतो.

खवल्या_चिपळूण

दादा, पिकल्या मिशांचा!! आजच ग्रुपवर टाकतो.

मी पुण्यात असतो, गाव चिपळूणजवळ. टेलिग्रामवर आम्ही महाराष्ट्रातले आठ-दहा जण आहोत. फुलसूट आमच्यात कुणाकडेच नाही. एक तर पैसा, आणि दुसरं म्हणजे मे महिन्यात तो घालायचा कुठे? दोघांकडे घरी शिवलेल्या शेपट्या आहेत, एकाकडे फोमचं डोकं आहे, ते आम्ही डिसेंबरात सिंहगडावर पहाटे घालून फोटो काढले.

प्राण्यांची लाडकी नावं कुणी लिहिली नाहीत, मी लिहितो. स्नो लेपर्ड म्हणजे स्नेप. हायना म्हणजे यीन. ड्रॅगन तो डर्ग. कायोटी योट. कोल्हा आणि लांडगा यांचं मिश्रण फोल्फ. आमच्या गटात एकाची सोना तरस आहे, आम्ही त्याला यीन म्हणत नाही, तरशाच म्हणतो. दुसरीची कोळसुंदा आहे, म्हणजे रानकुत्रा. ती डोल हा इंग्रजी शब्द वापरायची, आता कोळसुंदाच म्हणते आणि तिच्या परदेशी मैत्रिणींनाही तो उच्चार शिकवलाय.

माझी सोना खवले मांजर. आणि इथे मला खराखुरा प्रश्न आहे. फर नसलेल्या, खवल्यांच्या सोनावाल्यांना स्केली म्हणतात. त्यात सरडे, मगरी, साप, ड्रॅगन येतात. माझं खवले मांजर सस्तन आहे, पण अंगभर खवले. एका परदेशी चॅटवर मला सांगितलं की तू स्केली नाहीस, तू फरी. मला वाईट वाटलं. खवल्यांसाठीच तर मी तो प्राणी निवडला. आमच्याकडे लोक त्या खवल्यांपायीच त्याला मारतात.

जुनी_वाट

खवल्या, स्केली हा शब्द प्राणिशास्त्राचा नाही, आवडीचा आहे. ज्याला खवले आवडतात तो स्केली. ड्रॅगन तर कुठल्याच वर्गात बसत नाही, तरी तो स्केलींचा राजा. तुला ज्याने नाही म्हटलं त्याचं ऐकू नकोस.

आरोही_रेखाटते

मी नाशिकला राहते, चित्रकार आहे, स्वतः फरी नाही. पण गेली चार वर्षं माझं घर मोठ्या प्रमाणात फरी ग्राहकांवर चालतं, म्हणून या बोलीतली बाजारपेठ मी सांगू शकते.

रेफ शीट म्हणजे सोनाचा नकाशा: पुढून-मागून चित्र, रंगांचे ठोकळे, कानाच्या आतली बाजू कुठल्या रंगाची, तळव्यांच्या गाद्या कशा. या गाद्यांना टो बीन्स म्हणतात आणि त्यांचा रंग चुकला तर ग्राहकाच्या तो सर्वांत आधी लक्षात येतो. वाय-सी-एच (युअर कॅरेक्टर हिअर) म्हणजे प्राण्याची आधीच काढून ठेवलेली पोज, त्यात पैसे देणाऱ्याची सोना भरायची. अडॉप्ट म्हणजे मी कल्पनेने रचलेला प्राणी, जो कुणीतरी विकत घेऊन आपला करतो. 'विकला' म्हणत नाहीत, 'दत्तक गेला' म्हणतात. क्लोज्ड स्पीशीज म्हणजे कुणीतरी निर्माण केलेली काल्पनिक जात, जिच्यातला प्राणी करायला मूळ कर्त्याची परवानगी लागते. अशी कामं घेताना मी परवानगी दाखवायला सांगतेच.

सुरुवातीला माझी मोठी चूक एका शब्दाने झाली. ग्राहकाने लिहिलं होतं, लांडगा फेरल हवा. मी शब्दकोश पाहिला, रानटी, हिंस्र असं समजले, आणि दात विचकलेला, लाळ गाळणारा लांडगा दोन पायांवर उभा केला. तीन दिवसांचं काम. फरी बोलीत फेरल म्हणजे चार पायांचा, खऱ्या प्राण्याच्या शरीराचा. त्याच्या उलट अँथ्रो, म्हणजे दोन पायांवरचा. त्याला चार पायांवर शांत बसलेला, बर्फाकडे पाहणारा लांडगा हवा होता, नुकत्याच वारलेल्या त्याच्या कुत्र्याच्या आठवणीसाठी. मी सगळं पुन्हा काढलं आणि दुसऱ्यांदाचे पैसे घेतले नाहीत. त्याने पुढे सहा ग्राहक पाठवले. नव्या चित्रकारांना कळकळीने सांगते: कामाला लागण्याआधी प्रत्येक शब्दाचा अर्थ ग्राहकालाच विचारा. त्यांना विचारलेलं आवडतं.

जव्हारकर

हे सगळं वाचून मला आमच्याकडचा बोहाडा आठवला. जव्हार-मोखाड्याकडे होळीनंतर गावोगाव होतो, रात्रभर लाकडाचे, कागदाच्या लगद्याचे मुखवटे लावून सोंगं नाचतात. गणपती, नरसिंह, रावण, प्राणीसुद्धा. वजन भरपूर, आतून दिसत नाही, घामाची धार. मग यात नवं ते काय? आपण हे पिढ्यान् पिढ्या करत आलोय.

अंगतपंगत

जव्हारकर, बोहाड्याचं वाचून मी लगेच लेकीला फोन केला. तिला तो बघायचाच आहे. पण एका गोष्टीत माझं मत वेगळं आहे. बोहाड्यातलं सोंग गावाचं असतं, देवाचं असतं. नरसिंहाचा मुखवटा घालणारा माणूस स्वतःला बाजूला ठेवतो, आणि मुखवटा त्याच्या आधी होता, त्याच्या नंतरही राहणार. फर्सोना एकट्या माणसाने स्वतःसाठी घडवलेली असते. तिच्यामागे परंपरा नाही, गाव नाही. म्हणूनच मला वाटतं यांना इतके शब्द लागतात. गाव नसलेल्यांना बोलीनेच एकमेकांना ओळखावं लागतं.

जव्हारकर

पटलं. आमच्याकडे सोंगाला कुणी नाव विचारत नाही, ते सगळ्यांना ठाऊकच असतं.

मीरा_ठाणे

अजून एक. स्क्रिच शीर्षकात आहे, पण अर्थ कुणीच सांगितला नाही.

अंगतपंगत

हो गं, राहिलंच. स्क्रिच म्हणजे बोटांनी हलकं खाजवणं, कानामागे, हनुवटीखाली, जसं आपण मांजराला करतो. बूप म्हणजे नाकाच्या शेंड्याला बोट लावणं. दोन्हीला आधी विचारायचं असतं. लहान मुलांना तिथे हे पहिलं शिकवतात: हात पुढे करायचा आणि थांबायचं. प्राण्याने मान पुढे केली तर हो. पंजा आडवा हलवला तर नाही, आणि नाही म्हटल्यावर का ते विचारायचं नाही. फर्सूटवाल्यांच्या मिरवणुकीच्या दिवशी रस्त्याच्या कडेला शहरातली शेकडो माणसं उभी होती. चाकाच्या खुर्चीतल्या एका आजींनी हात पुढे करून थांबवून धरला. लेक गुडघ्यावर बसली, मान पुढे केली. आजींनी कानामागे खाजवलं, बराच वेळ. मी मागची गर्दी थोपवून धरली होती.

जुनी_वाट

तुमच्या लेकीला माझा नमस्कार सांगा.

एक कडू शब्द नोंदवून ठेवतो, नाहीतर यादी खोटी पडेल. फर्सिक्यूशन, म्हणजे फरी आहोत म्हणून होणारा छळ. आज पोरं तो अर्धा थट्टेने वापरतात, कुणी जरा टोमणा मारला तरी. पण २०१४ च्या डिसेंबरात शिकागोजवळ रोझमाँटला मिडवेस्ट फरफेस्ट चालू असताना हॉटेलच्या जिन्यात कुणीतरी क्लोरीन सोडला. मध्यरात्रीनंतर हजारो लोकांना थंडीत बाहेर काढावं लागलं, १९ जणांना इस्पितळात नेलं. माझे मित्र तिथे होते. तेव्हापासून माझ्यासमोर कुणी तो शब्द थट्टेने म्हणालं तर मी ही हकीकत सांगतो. पुढच्या वर्षी तेच संमेलन पुन्हा त्याच गावात भरलं.

खवल्या_चिपळूण

हे माहीत नव्हतं, दादा. आमच्यातही तो शब्द सर्रास चालतो. आता ग्रुपवर सांगेन.

ताई, हेडलेस लाउंजला मराठी शब्द राहिलाय. रात्री आम्ही ग्रुपवर यावरच बोलत होतो. तरशा आळंदीचा आहे, त्याने 'विसावा' सुचवला. पालखी जिथे थोडा वेळ थांबते, वारकरी पाणी पितात, पाय चेपतात, आणि मग पुढे निघतात, तो विसावा.

अंगतपंगत

विसावा. वहीत लिहिला. लेकीला आत्ताच पाठवला. ती म्हणते, पुढच्या जुलैत हेडलेस लाउंजच्या दारापाशी आली की छातीवर पंजा न ठेवता ती मला हाच शब्द बोलून दाखवेल, सूटमध्ये असतानासुद्धा.